प्राण्यांच्या शास्त्रीय नावांतील कंस, वर्षे आणि इतर कोडी

रेवाकाठची (वडोदरा)

नमस्कार. आमच्या भागातील हौशी निसर्गनिरीक्षकांच्या गटासाठी मी एक भिंतपत्रक तयार करीत आहे. विश्वामित्रीच्या काठावर आणि शहरात सहज दिसणाऱ्या प्राण्यांची मराठी, गुजराती आणि शास्त्रीय अशी तीन नावे त्यावर असावीत, असे ठरले आहे. पहिली दोन नावे शेजारीपाजारी विचारूनही मिळाली. शास्त्रीय नावांपाशी मात्र घोडे अडले.

हाताशी असलेल्या पुस्तकात कावळ्याचे नाव ‘कॉर्व्हस स्प्लेंडेन्स व्हिएयो, १८१७’ असे छापले आहे आणि चिमणीचे ‘पॅसर डोमेस्टिकस (लिनियस, १७५८)’ असे. एका नावापुढे कंस आहे आणि दुसऱ्यापुढे नाही. एखाददुसऱ्या ठिकाणी असे असते तर मी छपाईची चूक समजून पुढे गेले असते, परंतु पुस्तकभर हीच तऱ्हा आहे. या कंसाचा अर्थ काय?

दुसरी शंका वर्गीकरणाच्या पायऱ्यांच्या नावांची. मी मराठी शाळेत सृष्टी, संघ, वर्ग, गण, कुल, प्रजाती, जाती असा क्रम शिकले. मुलाच्या गुजराती पुस्तकात संघाच्या जागी ‘समुदाय’ आहे, आणि हिंदी बातम्यांत ‘प्रजाति’ हा शब्द ज्या अर्थाने येतो तो आमच्या प्रजातीशी जुळत नाही. पत्रकावर कोणता शब्द लिहावा, याविषयी जाणकारांनी मार्गदर्शन करावे.

शेवपोहे (इंदूर)

कंसाचा प्रश्न आहे, तेव्हा देवकीच्या आठव्या मुलाची वाट पाहावी. तोवर मी पहिल्या रांगेत बसतो.

निवृत्त मास्तर (इंदूर)

आठवा येईपर्यंत मीच प्रयत्न करतो.

शास्त्रीय नावाचे मूळ शब्द दोनच, पहिला प्रजातीचा आणि दुसरा जातीचा. त्यापुढे येणारे माणसाचे नाव आणि वर्ष म्हणजे त्या जातीचे वर्णन करून तिला नाव कोणी दिले आणि ते केव्हा प्रसिद्ध झाले, याची नोंद होय. व्हिएयो या फ्रेंच पक्षीशास्त्रज्ञाने १८१७ मध्ये आपल्या गावकावळ्याला कॉर्व्हस या प्रजातीतच ठेवून नाव दिले आणि तो आजही त्याच प्रजातीत आहे, म्हणून कंस नाही. लिनियस या स्वीडिश निसर्गशास्त्रज्ञाने १७५८ मध्ये चिमणीला ‘फ्रिंजिला डोमेस्टिका’ म्हटले होते. पुढे तिची रवानगी पॅसर या प्रजातीत झाली. जातीचे नाव लिनियसचेच राहिले, पण ज्या प्रजातीत त्याने ते ठेवले होते ती बदलली, एवढे सांगण्यासाठी त्याचे नाव कंसात जाते.

याच उदाहरणात आणखी एक गोष्ट पाहण्यासारखी आहे. डोमेस्टिकाचे डोमेस्टिकस झाले. जातीचे नाव विशेषण असेल, तर ते लॅटिन व्याकरणाप्रमाणे प्रजातीच्या लिंगानुसार बदलते. फ्रिंजिला स्त्रीलिंगी आणि पॅसर पुल्लिंगी आहे. मराठी माणसाला याचे नवल वाटू नये, कारण आपणही काळा घोडा आणि काळी घोडी म्हणतोच.

दांडियाबाजार (वडोदरा)

मास्तर, फार सुंदर उलगडा. म्हणजे प्रजाती हे आडनाव आणि जाती हे पाळण्यातले नाव, शाळेच्या हजेरीपटात असते तसे आडनाव आधी. आडनाव बदलले की कंस लागतो, म्हणजे हा कंस माहेरची खूणच झाला.

लष्करकर (ग्वाल्हेर)

दाखला गोड आहे, पण एका ठिकाणी फसवतो. आडनाव सारखे असले म्हणून रक्ताचे नाते असतेच असे नाही. ग्वाल्हेरच्या लष्कर भागातल्या आमच्या गल्लीत एकाच आडनावाची अनेक घरे आहेत आणि त्यांचा परस्परांशी काडीचाही संबंध नाही. प्रजाती एक असणे म्हणजे मात्र जवळचे नाते आहे, असे शास्त्रज्ञांचे ठाम म्हणणे असते. ते म्हणणे नव्या पुराव्याने बदलले की नाव बदलते. शिवाय कंसात जे असते ते जुने आडनाव नव्हे, नाव ठेवणाऱ्याचे असते. माहेरपेक्षा बारशाला आलेल्या आत्याची ती नोंद म्हणावी.

दांडियाबाजार (वडोदरा)

आत्या मान्य. १७५८ मध्ये या लिनियस आत्याबाईंनी फारच बारशी केलेली दिसतात. जिथे पाहावे तिथे तेच वर्ष.

निवृत्त मास्तर (इंदूर)

त्यालाही कारण आहे. लिनियसच्या ‘सिस्टिमा नॅचुरी’ या ग्रंथाची दहावी आवृत्ती १७५८ मध्ये निघाली आणि प्राण्यांच्या नामकरणाचा आरंभ तेथून धरावा, असा आंतरराष्ट्रीय नियम आहे. त्याआधीची नावे कितीही चांगली असली तरी ती हिशेबात धरत नाहीत. त्यामुळे युरोपात तेव्हा माहीत असलेल्या बहुतेक ठळक प्राण्यांपुढे हेच वर्ष दिसते. वाघ, सिंह, चिमणी, नाग, झुरळ हे सगळे त्याच वर्षीचे.

पायऱ्यांविषयीही सांगतो. मराठी पाठ्यपुस्तकांचा क्रम तुम्ही दिला आहे तोच आहे. हिंदी पाठ्यपुस्तकांत सृष्टीला ‘जगत’ आणि प्रजातीला ‘वंश’ म्हणतात, जाती ही जातीच राहते. घोटाळा होतो तो वर्तमानपत्रांमुळे. हिंदीत आणि आता मराठीतही ‘दुर्मीळ प्रजाती आढळली’ असे छापतात तेव्हा त्यांना जाती म्हणायचे असते. ‘जात’ हा शब्द आपल्याकडे दुसऱ्याच अर्थाने जड झालेला असल्यामुळे लेखक तो टाळत असावेत, असा माझा कयास आहे. पत्रकावर ‘प्रजाती’ हा शब्द एकटा न टाकता एकदा संपूर्ण उतरंड द्यावी, म्हणजे कोणती पायरी कोठे हे वाचणाऱ्याला दिसेल.

कुलाची नावे ओळखणे सर्वांत सोपे आहे. प्राण्यांच्या प्रत्येक कुलाच्या नावाचा शेवट ‘इडी’ असा होतो. मांजर-वाघाचे फेलिडी, कुत्रा-कोल्ह्याचे कॅनिडी, कावळ्याचे कॉर्व्हिडी.

शेवपोहे (इंदूर)

म्हणजे देशातल्या यच्चयावत कुलांच्या मागे ईडी लागलेली आहे.

मराठीनिष्ठ (इंदूर)

ही सगळी विद्वत्ता वाचून एक साधा प्रश्न पडतो. चिमणीला चिमणी म्हटल्याने कोणाचे काय अडले? आपल्या पूर्वजांनी पशुपक्ष्यांना शेकडो सुंदर नावे दिली आहेत. ती टाकून दोन मेलेल्या भाषांतले शब्द मुलांच्या तोंडी कोंबण्यात कसला पुरुषार्थ आहे? वडोदऱ्याच्या मुलाला साळुंकी आणि काबर ही दोन्ही नावे येतात, त्यात तिसऱ्याची भर कशाला?

चंबळवासी (ग्वाल्हेर)

अडते, आणि कसे ते आमच्या नदीवर येऊन पाहावे. चंबळेत मगर आहे, घडियाल आहे आणि गंगेतला डॉल्फिनही आहे, ज्याला हिंदीत ‘सूंस’ म्हणतात. मराठीत ‘सुसर’ म्हटले की कोणी घडियाल समजतो, कोणी मगर. देशावरून पाहुणे येतात आणि वाळूवर पडलेल्या मगरीकडे बोट दाखवून ‘सुसर, सुसर’ करतात. शेजारचा नावाडी सूंस समजून पाण्याकडे पाहू लागतो. एक शब्द आणि तीन प्राणी, त्यांतला एक तर सस्तन.

घडियालाचे नाव ‘गॅव्हियालिस गँजेटिकस (ग्मेलिन, १७८९)’ असे आहे. ते उच्चारले की नाशिकपासून नेपाळपर्यंत एकच प्राणी डोळ्यांपुढे येतो. लांब चिंचोळा जबडा आणि नराच्या नाकाच्या टोकावर घड्यासारखा फुगवटा, म्हणून तर तो घडियाल. मगर आणि घडियाल यांचा गण एकच, क्रोकोडिलिया. कुले मात्र वेगळी, क्रोकोडायलिडी आणि गॅव्हियालिडी. आणि येथेही कंस आहे, कारण ग्मेलिनने याला ‘लॅसर्टा’ म्हणजे सरड्यांच्या प्रजातीत टाकले होते.

सर्पसखा (वडोदरा)

मराठीनिष्ठ, आपल्या भावनेचा आदर आहे, परंतु माझ्या कामात हा प्रश्न भावनेचा राहत नाही. मी घरांत निघालेले साप पकडून सोडण्याचे काम करतो. आमच्याकडे फोन येतो तेव्हा गुजराती कुटुंब ‘काळोतरो’ म्हणते. खरे तर तो मण्यार, पण अंधारात दिसलेला कोणताही काळपट साप काळोतरो होतो. मराठी कुटुंबात ‘घोणस’ म्हणतात आणि तिथे खरी अडचण आहे. घोणस म्हणजे ‘डॅबोइया रसेली’, अतिविषारी, व्हायपरिडी कुलातली. ‘डुरक्या घोणस’ म्हणजे ‘एरिक्स कॉनिकस’, ती बिनविषारी. दोघी जाड, आखूड आणि अंगावर गडद ठिपके असलेल्या, म्हणून गावकऱ्यांनी दोघींना एकच नाव दिले. नाव दिसण्यावरून पडले होते, नात्यावरून नाही.

जवळून पाहिल्यावर फरक कळतो. घोणशीच्या पाठीवर साखळीसारख्या कड्यांच्या तीन रांगा असतात आणि डोके मानेपासून स्पष्ट वेगळे, त्रिकोणी असते. डुरकीच्या अंगावरचे ठिपके वेडेवाकडे एकमेकांत मिसळलेले असतात, मान जवळजवळ नसतेच आणि शेपूट तोकडी व खरखरीत असते. आम्ही नोंदवहीत शास्त्रीय नाव लिहितो ते शोभेसाठी नाही. ‘घोणस’ एवढेच लिहिले, तर सहा महिन्यांनी ते वाचणाऱ्याला यांपैकी कोणती ते कळत नाही.

आणि ही नावे अगदी परकी आहेत असेही नाही. ‘डॅबोइया’ हे आपल्याच ‘दबणे’चे भावंड, दबा धरून बसणारी या अर्थाचा हिंदी शब्द आहे. ‘रसेली’ हे ईस्ट इंडिया कंपनीच्या चाकरीत असताना येथील सापांचा अभ्यास करणाऱ्या पॅट्रिक रसेल यांच्यावरून आले. नागाचे ‘नाजा नाजा’ तर सरळ आपल्या नागावरून आले आहे.

मराठीनिष्ठ (इंदूर)

घोणशीचा मुद्दा मान्य. पण नाजा दोनदा कशाला? लॅटिनमध्ये शब्द संपले होते का?

निवृत्त मास्तर (इंदूर)

लिनियसने नागाला ‘कोलुबर नाजा’ म्हटले होते. १७६८ मध्ये लॉरेंटी यांनी नाजा ही स्वतंत्र प्रजाती उभी केली. जातीचे मूळ नाव बदलायचे नाही आणि प्रजातीचे नाव तेच, म्हणून द्विरुक्ती झाली. प्राणिशास्त्रात अशी द्विरुक्ती चालते. चितळ ‘ॲक्सिस ॲक्सिस’ आहे आणि काळा उंदीर ‘रॅटस रॅटस’. वनस्पतींच्या नियमांत मात्र ती निषिद्ध आहे.

दांडियाबाजार (वडोदरा)

अर्थ शोधण्याचा नाद मलाही लागला आहे आणि आता हसू आवरत नाही. नीलगाय म्हणजे आमच्या शेतकऱ्यांची रोझ. तिचे नाव ‘बोसेलॅफस ट्रॅगोकॅमेलस’. फोड केली तर पहिल्या शब्दात बैल आणि हरीण, दुसऱ्यात बोकड आणि उंट निघतात. एका जनावराच्या नावात चार जनावरे, आणि गाय नाही ती नाहीच. नाव देणाऱ्याने निर्णय पुढच्या पिढीवर सोडलेला दिसतो.

साळुंकी तर ‘ॲक्रिडोथेरिस ट्रिस्टिस’, म्हणजे टोळ पकडणारी उदास बाई. ज्याने हे नाव ठेवले त्याने न्यायमंदिराजवळ संध्याकाळी साळुंक्यांचा कलकलाट ऐकला नव्हता हे नक्की.

निवृत्त मास्तर (इंदूर)

त्याने साळुंकी जिवंत पाहिली असण्याचा संभवच नाही. लिनियसने १७६६ मध्ये तिला ‘पॅराडिसिया’ म्हणजे स्वर्गीय पक्ष्यांच्या प्रजातीत घातले होते आणि ती फिलिपिन्सची आहे असे लिहिले होते. नमुने जहाजांनी युरोपात जात, त्यांचे गाव वाटेत हरवे. खुद्द स्वर्गीय पक्ष्यांतील एकाचे नाव लिनियसने ‘अपोडा’ म्हणजे बिनपायांचा असे ठेवले, कारण व्यापारात येणारी कातडी पाय काढूनच येत. आपल्या बया सुगरणीचेही तसेच. ती ‘फिलिपिनस’ आहे, पण मूळची फिलिपिन्सची नाही.

लष्करकर (ग्वाल्हेर)

मग ही ढळढळीत खोटी नावे बदलत का नाहीत? झुरळ ‘पेरिप्लॅनेटा अमेरिकाना’ आहे आणि ते मूळचे आफ्रिकेकडचे समजले जाते. चूक कळूनही ती पिढ्यान्‌पिढ्या घोकून घ्यायची, याला शास्त्र म्हणावे का?

रेवाकाठची (वडोदरा)

माझाही हाच प्रश्न आहे. पत्रकावर नावांचे अर्थ द्यावेत असा माझा विचार होता. परंतु अर्थ दिला की साळुंकी उदास असते असे मुले समजतील.

निवृत्त मास्तर (इंदूर)

लष्करकर, बदलू दिली तर काय होईल ते पाहा. आज ‘अमेरिकाना’ चुकीचे म्हणून ‘आफ्रिकाना’ करावे, उद्या कोणी मूळ आणखी कोठे दाखवले की पुन्हा बदलावे. दोनशे वर्षांच्या लेखनात तेच झुरळ चार नावांनी विखुरले जाईल. म्हणून प्राण्यांच्या नामकरणाच्या आंतरराष्ट्रीय नियमावलीच्या १८व्या कलमात स्पष्ट म्हटले आहे की नाव गैरलागू आहे एवढ्या कारणाने ते रद्द होत नाही. नावाने वर्णन करावे अशी अपेक्षाच नाही. त्याने एका ठराविक जातीकडे बोट दाखवावे आणि ते बोट हलू नये. एकाच प्राण्याला दोघांनी वेगवेगळी नावे दिली असतील, तर आधी प्रसिद्ध झालेले टिकते. या नियमाला अपवाद करायचा असेल तर १८९५ मध्ये स्थापन झालेल्या आंतरराष्ट्रीय आयोगाकडे जावे लागते.

ताई, अर्थ जरूर द्यावेत, पण ‘नावाची गोष्ट’ म्हणून वेगळ्या चौकटीत. प्राण्याच्या माहितीत मिसळू नयेत.

बेडूककापू (इंदूर)

मास्तर, नाव हलू नये हे ऐकून बरे वाटले, परंतु मग आमच्यावर झालेल्या अन्यायाचे काय? आमच्या पिढीने प्रयोगशाळेच्या मेणाच्या ट्रेमध्ये ‘राना टायग्रिना’ टाचण्या टोचून कापला आणि गांडूळ ‘फेरेटिमा पॉस्थुमा’ म्हणून रंगवले. आता मुलगी सांगते की बेडूक ‘होप्लोबॅट्रॅकस टायगेरिनस’ झाला आणि गांडूळ ‘मेटाफायर पॉस्थुमा’. तोंडपाठ केलेले सगळे पाण्यात!

निवृत्त मास्तर (इंदूर)

सगळे नव्हे, अर्धेच. दुसरा शब्द दोन्हींत जागेवर आहे. बेडकाच्या नावात मूळ लेखन आणि लिंग यांमुळे थोडा फेर पडला, एवढेच. जो शब्द हलला तो प्रजातीचा. ‘राना’ ही एके काळी बेडकांची धर्मशाळा होती, पुढे नाती तपासून तिची वाटणी झाली. नाव ठेवणे नियमांनी चालते, पण गट कोणता याचा निर्णय पुराव्याने होतो आणि तो पुरावा वाढत असतो. पहिल्या गोष्टीत स्थैर्य हवे, दुसरीत ते शक्य नाही, आणि दोन्ही एकाच नावात बांधल्यामुळे तुमची पाठांतरे बिघडतात.

तरसाचे उदाहरण घ्या. पाहणाऱ्याला ते कुत्र्यासारखे वाटते, पण हायनिडी हे कुल कुत्र्यांपेक्षा मांजरांच्या बाजूला जवळचे आहे.

सर्पसखा (वडोदरा)

गुजरातेत यावरून वाद होतात ते सिंहाच्या बाबतीत. गीरचा सिंह आम्ही ‘पँथेरा लिओ पर्सिका’ असा ऐकत आलो, म्हणजे स्वतंत्र उपजाती. २०१७ मध्ये मार्जारकुलाच्या तज्ज्ञगटाने केलेल्या फेरमांडणीत त्याला पश्चिम व मध्य आफ्रिकेतल्या सिंहांबरोबर ‘पँथेरा लिओ लिओ’ या उपजातीत धरले. काही जणांना वाटले की आमचा सिंह काढून घेतला. सिंह गीरमध्येच आहे, वेगळेपणाची रेघ कोठे ओढावी एवढाच मतभेद आहे.

दांडियाबाजार (वडोदरा)

अस्मितेचाच विषय निघाला आहे म्हणून सांगतो. बालासिनोरजवळच्या रैयोलीत सापडलेल्या मांसाहारी डायनोसॉरचे नाव २००३ मध्ये ‘राजासॉरस नर्मदेन्सिस’ असे ठेवले गेले. ‘एन्सिस’ म्हणजे त्या ठिकाणचा. मराठीनिष्ठांनी निदान याला तरी परका म्हणू नये. राजाही आपला आणि नर्मदाही आपली.

मराठीनिष्ठ (इंदूर)

राजा मान्य, नर्मदा मान्य. सॉरसबद्दल नंतर बोलू.

शेवपोहे (इंदूर)

एक अडाणी शंका. पक्ष्यांच्या यादीत काही ठिकाणी प्रजातीच्या नावापुढे नुसते ‘एसपी’ लिहिलेले असते. त्या पक्ष्यांवर पोलीस अधीक्षक नेमला आहे काय?

सर्पसखा (वडोदरा)

नेमला आहे, पण त्याला संशयिताचे पाळण्यातले नाव अजून कळलेले नाही. प्रजाती ओळखू आली, जाती ठरवता आली नाही, असा त्याचा अर्थ. ‘एसपीपी’ असेल तर त्याच प्रजातीतल्या एकाहून अधिक जाती. अंदाजाने जातीचे नाव ठोकून देण्यापेक्षा हे लिहिणे केव्हाही प्रामाणिक, आणि ताईंनीही पत्रकावर वटवाघळांच्या बाबतीत तसेच करावे.

रेवाकाठची (वडोदरा)

सर्वांची आभारी आहे. कंस जसे आहेत तसेच ठेवणार, पायऱ्यांची उतरंड कोपऱ्यात देणार आणि अर्थांची चौकट वेगळी करणार. आता अडचण लिपीची आहे. प्रजातीचे आद्याक्षर मोठे, जातीचे लहान आणि दोन्ही शब्द तिरप्या ठशात, असा नियम वाचला. देवनागरीत मोठे-लहान अक्षरच नाही. शिवाय मगरीच्या नावात पॅलुस्ट्रिस की पलस्ट्रिस, फेलिडी की फेलिडे, उच्चार दर पुस्तकात निराळा.

निवृत्त मास्तर (इंदूर)

नियमानुसार शास्त्रीय नाव लॅटिन वर्णमालेतच असते. देवनागरीत आपण लिहितो तो उच्चार. म्हणून पत्रकावर मूळ नाव रोमन अक्षरांत तिरप्या ठशात द्यावे आणि त्याखाली देवनागरी उच्चार साध्या ठशात. नावापुढचा माणूस आणि वर्ष तिरपे करू नयेत. उच्चाराबाबत नियमावली सक्ती करीत नाही, तेव्हा कोणताही एक घ्यावा आणि पत्रकभर तोच पाळावा.

चंबळवासी (ग्वाल्हेर)

आणखी एक. जागा वाचवण्यासाठी प्रजातीचे आद्याक्षर आणि टिंब देण्याची पद्धत आहे, ती भिंतपत्रकावर वापरू नये. रोमन ‘सी’ने कावळाही सुरू होतो, मगरही आणि कोल्हाही.

रेवाकाठची (वडोदरा)

बरोबर आहे, पूर्ण नावेच देईन. मसुदा झाला की येथे चिकटवते. सर्पसखा, सापांची ओळ तेवढी आपण डोळ्यांखालून घालावी आणि डुरकीचे गुजराती नाव कळवावे.